गोवंडीच्या चाचांचा खांदा

गोवंडीचे चाचा आलेत असं कुणीतरी जिन्यातून ओरडून सांगितलं आणि माझं डोकंच फिरलं. मालाडच्या आमच्या घरात अब्बांना कफन घालून झालं होतं. त्यांनी जाताजाता मला एकच गोष्ट बजावली होती, त्या घरातला एकही खांदा माझ्या जनाज्याला लागता कामा नये.

हे वैर फाळणीच्याही आधीचं. माझे आजोबा आणि या चाचांचे वडील सख्खे भाऊ, कोकणातून आलेले, मराठीतच भांडणारे. आजोबा मुलूख एकच राहू दे म्हणणाऱ्या मौलानांच्या मागे. धाकटा भाऊ वेगळा देश मागणाऱ्या पुढाऱ्यांच्या सभांना, घसा फोडत. त्याच धामधुमीत आजोबा वारले. गद्दाराला हात लावायचा नाही, असं या भावानं सगळ्या मोहल्ल्याला सांगून ठेवलं. आमच्यात जनाजा दिसला की रस्त्यानं जाणारा परका माणूससुद्धा चार पावलं खांदा देतो. आजोबांना गोदीतल्या हमालांनी नेलं. आणि एवढं करून हा भाऊ नव्या देशात गेला का? छे, इथेच राहिला, इथेच आरामात मेला.

"चाचा, तुम्ही बसा. खांदा द्यायचा नाही," मी दारातच म्हणालो.

"मी तेव्हा पोर होतो रे. पुढे धावलो होतो. बापानं हात धरून ठेवला माझा."

"मग आज मी धरतो," म्हटलं, आणि खरंच त्यांचं मनगट पकडलं. म्हाताऱ्याची मला काडीची दया आली नाही. शेजारचा एकजण म्हणाला, जाऊ दे ना यार, कुठली फाळणी घेऊन बसलास. म्हटलं, तुझ्या आजोबाला हमालांनी नेलं होतं का? मग गप्प बस.

जनाजा उठला. चाचा काठी टेकत मागून येत राहिले. जवळ आले की मी माझ्या धाकट्या भावाला आडवा उभा करायचो. अब्बांचा शब्द कब्रस्तानापर्यंत पाळला मी.

कबरीत मीच उतरलो. अब्बांना ठेवलं, फळ्या लावल्या आणि वर आलो, तर सगळे मूठमूठ माती टाकत होते. त्यांच्यात चाचाही, वाकून.

"त्यांची माती काढ," मी भावाला म्हणालो.

तो खाली वाकला, हात पुढे केला आणि थांबला. "कुठली काढू?" त्यानं विचारलं.

मला दाखवता येईना.