तिसरा शिक्का

बाबा आमच्याकडे टोकियोजवळ ग्योतोकुला तीन महिने राहून गेले, तो उन्हाळा होता. नौदलातून निवृत्त होऊन त्यांना बरीच वर्षं झाली होती, पण आल्याआल्या त्यांनी कचऱ्याचं वेळापत्रक ड्यूटी लावल्यासारखं फ्रीजवर चिकटवलं. प्लास्टिकच्या पिशवीत मी चुकून काय टाकलंय ते शोधून काढणं हा त्यांचा सकाळचा उद्योग. कौतुक करणं त्यांना जमतच नसे. मी कॉलेजात पहिली आले तेव्हाही, "आता पुढे काय?" एवढंच त्यांनी विचारलं होतं. मला ते अजून टोचतं.

एक गोष्ट मात्र ते जेवताना हमखास सांगत. ते ज्या रशियन बनावटीच्या पाणबुडीवर होते, तशाच जातीची एक पाणबुडी साठच्या दशकात क्युबाजवळ पाण्याखाली कोंडली गेली होती. वरून अमेरिकन जहाजं इशाऱ्याचे बार टाकत होती. आत बॅटऱ्या संपत आलेल्या, हवा विटलेली, माणसं उकाड्याने कोसळत होती, आणि मॉस्कोशी संपर्क तुटलेला. कप्तानाला वाटलं, वर युद्ध पेटलंय. त्याने अणुटॉर्पेडो तयार ठेवायला सांगितला. तो सोडायला तिघा अधिकाऱ्यांचा होकार लागे. दुसऱ्या अधिकाऱ्याने होकार दिला. तिसरा नाही म्हणाला, आणि शेवटपर्यंत नाहीच म्हणत राहिला. अखेर पाणबुडी वर आली. घरी परतल्यावर त्यांना ऐकून घ्यावं लागलं की, वर येण्यापेक्षा बुडाला असतात तर बरं झालं असतं.

"हो म्हणणारे दोघे काही वाईट नव्हते," बाबा म्हणत. "त्यांना उकडत होतं. एकदाचं संपावं असं वाटत होतं."

मी तेव्हा एका इस्पितळासाठी औषधवाटपाची प्रणाली करणाऱ्या प्रोजेक्टवर होते. पुण्याहून आलेल्या आमच्या टीमची प्रमुख मीच. प्रणाली सुरू करायची तर एका कागदावर तीन शिक्के लागत: प्रोजेक्टच्या जपानी साहेबांचा, माझा आणि क्वालिटीच्या माणसाचा. सहीऐवजी तिथे शिक्काच चाले. स्टेशनजवळच्या दुकानातून माझ्या आडनावाचा लाकडी शिक्का मी हौसेने करून घेतला होता.

चाचणीत एकदा, फक्त एकदाच, एका पेशंटच्या औषधाचा डोस दुसऱ्याच्या नावावर दिसला. नंतर आम्ही आठवडाभर धडपडलो, पण ती चूक काही पुन्हा दिसली नाही. तारीख आधीच दोनदा पुढे गेली होती. साहेबांनी शिक्का मारला. पाठोपाठ मीही मारला.

क्वालिटीचे गृहस्थ पन्नाशीचे, अबोल, डबा एकट्याने खाणारे. वीज वाचवायची म्हणून एसी अठ्ठावीसवर ठेवलेला, आणि त्या बंद खोलीत आम्ही आठजण त्यांच्या हाताकडे बघत बसलो होतो. त्यांनी मला शांतपणे विचारलं, ती चूक गेली का? मी म्हटलं, पुन्हा दिसलेली नाही. शब्दन् शब्द खरा होता, आणि मी त्यांना फसवत होते. ते मला कळत होतं, आणि बहुधा त्यांनाही. त्यांनी शिक्का डबीत ठेवला, डबी खिशात घातली. साहेब तासभर भडकून बोलत राहिले. ते गृहस्थ मान खाली घालून ऐकत राहिले आणि दर वेळी, क्षमा करा, आज जमणार नाही, एवढंच म्हणाले. मला त्यांचा संताप आला होता. हे लपवण्यात आता अर्थ नाही.

पाच आठवड्यांनी कारण सापडलं. दोन नर्सनी एकाच क्षणी बटण दाबलं की नावांची अदलाबदल होत होती. दुरुस्ती माझ्या टीमने केली, अहवाल माझ्या नावाने गेला, माझं कंत्राट वाढलं. त्यांची बदली जुन्या फायली ठेवायच्या दुसऱ्या इमारतीत झाली. कुणी त्यांचे आभार मानले नाहीत. मीही नाही. पुढे एकदा फलाटावर दिसले तेव्हा त्यांनी वाकून नमस्कार केला आणि उन्हाळा मानवला का, असं माझ्या वडिलांबद्दल विचारलं; ते आल्याचं मी ऑफिसात कधीतरी बोलले होते, तेवढं त्यांनी लक्षात ठेवलं होतं.

बाबा परत जायच्या आदल्या रविवारी चहा घेताना मी त्यांना हे सगळं सांगितलं. तिघांपैकी एकाने शिक्का मारला नाही म्हणून अनर्थ टळला, इथपर्यंत खरं सांगितलं. बाबांनी कप खाली ठेवला.

"कोणी नाही मारला?"

"मी."

त्यांनी माझा शिक्का मागून घेतला, उलटसुलट करून बघितला आणि आपल्या खिशातल्या डायरीत त्याचा लाल ठसा उमटवला. मग, "शाब्बास," म्हणाले. आयुष्यात पहिल्यांदा. खरं सांगायला अजून पूर्ण आठवडा होता. रोज सकाळी मी ठरवत होते.

ते दोन वर्षांनी गेले, जानेवारीत. मी पुण्याला पोचले तेव्हा त्यांच्या पाणबुडीवरचे एक वृद्ध सोबती भेटायला आले होते. काठी बाजूला ठेवून त्यांनी माझा हात हातात घेतला.

"तूच ना ती, शिक्का न मारणारी? डायरी काढून सगळ्यांना दाखवायचा तो."

मी हो म्हणाले. आणि त्या दिवशी तर उकडतही नव्हतं.