मापाला आणलेला फ्रॉक

गल्लीत तिला सगळे फौजदारबाई म्हणत. धंदा शिवणाचा, पण कापड टाकायला आलेल्या बाईची आधी उलटतपासणी व्हायची. कापड कुठून घेतलं? धुऊन आणलंय का? आणि आधीचा शिंपी का सोडलात? उत्तर पटलं नाही तर कापड परत. गिऱ्हाईकं टिकली ती तिच्या हाताला सफाई होती म्हणून, जिभेमुळे नव्हे.

पूर्वी ती साधीभोळी होती वगैरे काही नाही. संशय अंगातच होता. तीन वर्षांपूर्वी शाळेसमोर मालाच्या टेम्पोखाली तिच्या सहा वर्षांच्या मुलीचा डावा पाय सापडला, गुडघ्याखाली कापावा लागला, आणि त्या संशयाला खतपाणीच मिळालं. ड्रायव्हर म्हणाला, पोरगी मध्ये आली. मालक म्हणाला, ड्रायव्हर माझा नव्हेच. विमा कंपनी तेवढी गोड बोलली, तेव्हा ती सगळ्यांत जास्त सावध झाली.

आता कंपनी तडजोडीला तयार होती. एक ठोक रक्कम आणि एका नव्या कृत्रिम पायाचा खर्च. मात्र सही शुक्रवारपर्यंत हवी. वकीलबाई म्हणत होत्या, "सही करू नका. पोर वाढतंय, पाय पुन्हा पुन्हा बदलावा लागेल. ते सगळं कोर्टात मागू."

"खटला लांबला तर फायदा कुणाचा? या वकीलबाईचाच," फौजदारबाई नवऱ्याला म्हणाली.

"मग करून टाक सही."

"आणि कंपनीला एवढी घाई कसली झालीय?"

नवऱ्याने हात जोडले आणि कामावर निघून गेला.

बुधवारी दुपारी इस्त्रीच्या शर्टातला एक गृहस्थ दुकानात आला. हातात पिवळा फ्रॉक. "ताई, माझ्या मुलीला अस्साच शिवायचाय. मापाला आणलाय. फार लाडका तिचा, दोन वर्षं अंगावरून उतरत नाही."

मुलगी कोपऱ्यात बटणं निवडत बसली होती. अंगात आईने मुद्दाम पायघोळ शिवलेला झगा. बसवलेला पाय कुणाला दिसू नये म्हणून.

"बाळ, त्या वरच्या फळीवरचं निळं रीळ काढून देतेस?" गृहस्थ म्हणाला.

मुलगी टुणकन उठली, स्टुलावर चढली आणि रीळ घेऊन उतरलीसुद्धा. कौतुक करून घ्यायला मुलांना कारण लागत नाही.

फौजदारबाईचे डोळे बारीक झाले. पिवळ्या फ्रॉकला निळं रीळ कशाला? तिने फ्रॉक उलटा केला. काखेत घामाचा डाग नाही. गळ्याची कड कडक. आणि मागची काजं? टाके घातलेले, पण मधलं कापड अजून कापलेलंच नव्हतं. त्यातून बटण आजवर एकदाही गेलं नव्हतं.

"दोन वर्षं घालते म्हणालात?"

"हो ना."

"कशी? डोक्यावर ठेवून?"

गृहस्थ हसला, पण हात शर्टाच्या खिशाकडे गेला. खिशातून मोबाइल अर्धा वर आला होता आणि त्याचा कॅमेरा थेट स्टुलाकडे रोखलेला होता.

"कंपनीने पाठवलं ना? पोरगी धडधाकट आहे हे कोर्टाला दाखवायला?" ती कात्री खाली ठेवत म्हणाली. कात्री हातात असताना आपण काय करू, याची तिला खात्री नव्हती.

"ताई, मी नोकर माणूस…"

तेवढ्यात मुलगीच पुढे आली. "काका, मला चढता येतं. पण मग दुखतं. दाखवू?"

आई "नको" म्हणणार होती. तीन वर्षं ती हेच म्हणत आली होती. पण या लपवालपवीचा फायदा नेमका कुणाला झाला, ते समोर उभं होतं. तिने अडवलं नाही.

मुलीने झगा वर घेतला, पट्टे सोडून पाय काढला. गुडघ्याखाली लालबुंद वळ, एका जागी कातडी सोललेली. "हा पाय मी सात वर्षांची असतानाचा आहे. लहान होतो आता."

गृहस्थाने मोबाइल झटकन आत सरकवला.

"का हो? आता का बंद?" फौजदारबाई कडाडली. "घ्या की! स्टुलाचं घेतलंत, हेही घ्या!"

"एवढं… एवढं नाही सांगितलं त्यांनी," तो पुटपुटला आणि फ्रॉक तिथेच टाकून पायऱ्या उतरला.

तिने मुलीच्या वळांचे मोबाइलवर फोटो काढले, मग मलम लावलं आणि वकीलबाईंना फोन लावला.

"सही करत नाही मी. अठरा वर्षांची होईपर्यंत जितके पाय लागतील तितके मागा, आणि पुढचेही. कंपनीचा माणूस येऊन गेला. साक्ष मी देईन, मुलगीही देईल."

"छान! उद्याच अर्ज तयार करते."

"दाखल करण्याआधी मला वाचून दाखवा. पानन् पान."

"अहो, माझ्यावर विश्वास नाही का तुमचा?"

"नाही," फौजदारबाई म्हणाली. "पण खटला लढवायचा तुम्हीच."