डाव्या बाजूचा बोहदान

खोली दाखवायला मी किल्ल्या घेऊन जिन्याकडे वळले, आणि मागे पाहते तर पाहुणा गायब. तो मागच्या दाराने थेट आमच्या खाचरात उतरला होता. भाताची कापणी नुकतीच झाली होती. त्याने बूट काढले, मोजे बुटांत कोंबले आणि धसकटांतून अनवाणी चालू लागला. उंच, किंचित वाकलेला, पिवळट दाढीचा माणूस. मध्येच थांबून टाचेने जमीन दाबायचा, डोळे मिटायचा, पुन्हा चालायचा. सकाळचं धुकं अजून बांधांवर रेंगाळत होतं. गुडघ्यापर्यंत तो दिसेनासा झाला होता आणि वरचा अर्धा माणूस धुक्यावरून तरंगत चालला होता.

ओट्यावर बसलेल्या आबांनी मला विचारलं, "ह्यो खोली बघाया आलाय का रान?"

खोली त्याने बघितलीच नाही. परत येऊन पायाची माती झटकली आणि इंग्रजीत एवढंच म्हणाला, "चांगली जागा आहे. मी राहतो."

कोणत्याही नव्या जमिनीशी ओळख करून घ्यायची त्याची ही रीत होती. देवळाचं पटांगण असो की हिंजवडीच्या एखाद्या कंपनीपुढची हिरवळ, बूट काढल्याशिवाय त्याला चैन पडत नसे. त्या हिरवळीवरून रखवालदाराने त्याला हाकललंही होतं. पुढे मराठी यायला लागल्यावर मी त्याला कारण विचारलं. तो म्हणाला, "बूट खोटं बोलतो, ताई. पाय न्हाई बोलत."

त्याचं नाव बोहदान. आबांनी नावाचा अर्थ विचारला, तेव्हा त्याने आधी आभाळाकडे बोट दाखवलं आणि मग दोन्ही हातांची ओंजळ पुढे केली. देवाने दिलेला. "म्हंजी देवदत्त," आबा म्हणाले, आणि तेव्हापासून आबांपुरता तो देवा झाला. आई गेल्यानंतर भरे गावातल्या आमच्या घरात आम्ही बापलेक दोघंच उरलो होतो. आबा शेत बघायचे, मी शाळेत शिकवायचे. वरच्या खोल्यांत भाड्याने पिरंगुटच्या कारखान्यांतले कामगार यायचे आणि जायचे. त्यांची नावंसुद्धा आता आठवत नाहीत. बोहदान मात्र राहिला.

तो युक्रेनमधल्या नदीकाठच्या एका लहान गावचा. गावात बिटापासून साखर करायचा कारखाना होता आणि कारखान्याच्या मागे फुटबॉलचं मैदान. शरद ऋतूत सगळ्या मैदानाला उकळत्या बिटाचा वास यायचा, असं तो सांगे. वडील कारखान्यात कामाला. हा डाव्या पायाचा, म्हणून लहानपणीच त्याला बचावात डाव्या कडेला उभं केलं, आणि तिथेच तो आयुष्यभर उभा राहिला. त्याच्या देशात वरच्या दर्जाचे संघ मोठ्या शहरांत खेळायचे. हा खालच्या गटातल्या, बसने रात्रभर प्रवास करून सामन्याला जाणाऱ्या संघात. कारखाना बंद पडला, त्याबरोबर संघही गेला. मग तो शेजारच्या देशात गेला, मग एका वाळवंटात, मग एका बेटावर, जिथे चेंडू समुद्रात गेला की पोहत जाऊन आणावा लागे. मग कोलकाता, गोवा, पुणे. "मी सगळीकडं थोडा-थोडा खेळलो," तो म्हणायचा. बोलण्यात तक्रार नसे. एखाद्याने वेगवेगळ्या विहिरींचं पाणी चाखल्यासारखं तो ते सांगे. पुण्यातला संघही मोडला, तेव्हा मुळशीतल्या एका निवासी शाळेत त्याने प्रशिक्षकाची नोकरी धरली आणि आमच्याकडे आला.

मराठी तो आबांकडून शिकला, त्यामुळे पुण्यात त्याची फार गंमत व्हायची. एकदा कसल्याशा नोंदणीसाठी तो सरकारी कचेरीत गेला होता. साहेब शब्द सुटे सुटे करून इंग्रजीत समजावत होते. हा शांतपणे म्हणाला, "सायेब, मराठीत बोला की. इंग्रजी मलाबी लई येत न्हाई." सगळी कचेरी हसली. साहेबांनी त्याला चहा पाजला आणि पौडचा भात कुठे चांगला मिळतो, ते विचारून घेतलं.

खाचरं रिकामी झाली की रविवारी दुपारी आमच्या मागे खेळ सुरू व्हायचा. पाळी सुटलेले कामगार, नेरे गावात खोल्या घेऊन राहणारी कंपन्यांतली मुलं, मेंढरं बांधाला सोडून आलेले दोघे-तिघे धनगर. प्रत्येक खाचर थोडं वर, थोडं खाली, त्यामुळे चेंडू पायरीवरून उतरल्यासारखा यायचा. सगळे त्याच्यामागे घोळक्याने धावायचे आणि बोहदान कडेला उभा राहून ओरडायचा, "समदे कशाला पळताय? चेंडू येतोय! जागा धरा!"

हे त्याचं आवडतं वाक्य. गॅस लवकर येत नसला, पाऊस लांबला, मला मुख्याध्यापकांचा राग आला, तरी तो तेच म्हणायचा. "चेंडू येतोय, ताई. जागा धरा."

एकदा मी त्याला विचारलं, "गोल करावासा नाही वाटला कधी?"

"वाटला की. पण मी पुढं गेलो तर मागं कोण?" मग तो म्हणाला, "डाव्या बाजूचा गडी कोणाच्या ध्यानात ऱ्हात न्हाई. चुकला तरच."

आमच्याकडे येऊन त्याला दुसरं वर्ष लागलं, तेव्हा गोव्याहून फोन आला. एका संघाचा बचावपटू जखमी झाला होता आणि त्यांना अर्ध्या हंगामापुरता माणूस हवा होता. पस्तिशी उलटलेल्या बोहदानला कोणी पुन्हा बोलावेल, असं त्यालाही वाटलं नव्हतं. त्या संध्याकाळी त्याने वरच्या स्वयंपाकघरात बिटाचं सूप केलं. आबा त्याला लाल आमटी म्हणायचे आणि त्यात भात कालवून खायचे. जेवताना तो नुसता हसत होता. दुसऱ्या दिवशी पिशवी खांद्याला लावून तो निघाला, तेव्हा वाटेवर अक्षरशः उड्या मारत गेला. आबा म्हणाले, "बघ, परत ल्हान पोर झालाय त्यो."

तो तिकडे असतानाच आबांना अर्धांगवायूचा झटका आला. डावा हात, डावा पाय गेला. दवाखान्यातून घरी आणलं, पण आबा भिंतीकडे तोंड करून पडून राहायचे. व्यायाम करून घ्यायला बाई यायच्या, त्यांना आबा डोळेही उघडून दाखवत नसत. मला हे बोहदानला कळवायचं धैर्य झालं नाही. त्याचं सुख मोडावंसं वाटेना.

एके दिवशी दुपारी रिक्षा दारात थांबली. बोहदान उतरला तो कुबडी घेऊन. तिसऱ्याच सामन्यात गुडघा उलटा फिरला होता. शस्त्रक्रिया झाली होती आणि डॉक्टरांनी खेळ संपल्याचं सांगितलं होतं. तो तसाच लंगडत आत आला आणि आबांच्या खाटेजवळ खाली बसला.

"माजं खेळणं झालं, आबा."

झटक्याने आबांची जीभ जड झाली होती. "माजं चालणं झालं."

"मग? दोघं बसायचं हितंच?"

आबांनी तोंड पुन्हा भिंतीकडे केलं. बोहदानने त्यांचा निर्जीव हात आपल्या मांडीवर घेतला. "डावी बाजू माजी हाय, आबा. सगळ्या जन्माची. तुमी उजवी बघा, डावी मी बघतो."

आबा रडले. आईच्या वेळीही मी त्यांना असं रडताना पाहिलं नव्हतं.

दुसऱ्या सकाळपासून अंगणात दोघांचा व्यायाम सुरू झाला. एकाचा गुडघा, एकाचं अर्धं अंग. बोहदान भिंतीला पाठ लावून हळूहळू खाली बसे, आबा त्याच्या खांद्याला धरून उभे राहत. आबा चिडायचे, शिव्या द्यायचे. त्याला त्या शिव्या पाठ झाल्या होत्या आणि गुडघा दुखला की तो आबांनाच त्या ऐकवायचा. आबा पडले तरी तो लगेच उचलायला जात नसे. मी धावले की हात आडवा घालून मला थांबवायचा. "थांबा ताई. त्यांना वाट सापडू द्या." कातळावर सरड्याने सरकावं तसे आबा सरकत, कोपर टेकत, खाटेच्या पायाला धरत उठायचे. भाताच्या लावणीला आबा काठी टेकत बांधावर जाऊन उभे राहिले, आणि बाया चिखलातून वर बघून हसल्या, तेव्हा बोहदान मागे दारातच थांबला होता. पुढे आला नाही.

मग त्याच्या देशात युद्ध सुरू झालं. आमच्या टीव्हीवर जळणाऱ्या इमारती दिसायच्या आणि शेजारी येऊन विचारायचे, "ह्ये तुमचंच गाव का?" तो म्हणायचा, "न्हाई. अजून न्हाई." त्याची आई एकटी त्या गावात होती. तो रोज गच्चीवरून फोन करून तिला सांगायचा, निघ. ती म्हणायची, कोंबड्यांना कोण बघणार? एकदा आबांनी फोन मागून घेतला. "बाई, पोरगं हितं हाय. जेवतंय, झोपतंय. तुमी जीव सांभाळा." पलीकडून ती तिच्या भाषेत काहीतरी बोलत राहिली. आबा "व्हय, व्हय" म्हणत राहिले. कितीतरी वेळ दोन म्हातारी माणसं एकमेकांना न कळणारं काहीतरी सांगत होती. फोन ठेवल्यावर मी आबांना विचारलं, काय म्हणाल्या? "काय की," आबा म्हणाले, "पण लई चांगलं बोलल्या."

त्या दिवसांत त्याचं कशात लक्ष लागेना, म्हणून मी आणि आबा त्याला लवासाला घेऊन गेलो. तळ्यावर ढग उतरले होते. काठाने रंगीत घरं, पुष्कळशी बंद, काही अर्धवट बांधलेली, खिडक्यांच्या जागी नुसती भोकं. सगळं पाण्यात उलटं दिसत होतं. ढग सरकला की एक रांग पुसली जायची, दुसरी उगवायची. बोहदान कठड्याला टेकून एकेका खिडकीकडे बघत होता.

"आमच्याकडंबी आता अशी घरं असतील," तो म्हणाला. "पण तितं लोक ऱ्हायले होते, ताई."

थोड्या वेळाने आबांना म्हणाला, "एकदा देशात गेलो की बाहेर सोडत न्हाईत पुरुषांना. लढाई संपेपर्यंत."

आबा पाण्याकडेच बघत होते. "मी थांब म्हनलं तर थांबशील?"

"व्हय."

"मग मी थांब म्हणतच न्हाई."

शेजारचं घर कोसळलं तेव्हा आई निघाली आणि बहिणीबरोबर पोलंडला पोचली. तो तिच्याकडे जायला निघाला. निघताना आबांच्या पाया पडला. ते त्याला कोणी शिकवलं नव्हतं. आबा म्हणाले, "देवा, हितली खोली तुजीच हाय." गाडी पिरंगुटच्या रस्त्याला वळेपर्यंत आबा काठीशिवाय उभे होते.

पोलंडमध्ये आईचा जीव रमेना. वर्षभराने तिने परत जायचं ठरवलं, आणि हा तिला एकटीला सोडेना. दोघं गेले. ती खोली आम्ही कोणालाच दिली नाही, पण तो येईल असं आम्ही बोलूनही दाखवत नव्हतो. फौजेने गुडघा पाहून त्याला नाकारलं. मग बरेच दिवस काही कळलं नाही.

गेल्या हिवाळ्यात एका संध्याकाळी फोन वाजला. पडद्यावर बोहदान. दाढी पांढरी झालेली, गळ्यात शिट्टी. तिकडे दुपार होती. "आबा, माजी टीम बघा," म्हणत त्याने फोन फिरवला. ओलं मैदान, कडेला विरघळत चाललेलं बर्फ, आणि कुबड्यांवर धावणारी माणसं. कोणाला डावा पाय नव्हता, कोणाला उजवा. सगळे लढाईतून आलेले. कुबड्या रोवून ते असे झेपावत होते की क्षणभर वाटावं, त्यांना जमिनीची गरजच नाही.

"इस्पितळानं मैदान दिलंय," तो सांगत होता. "कालपर्यंत ह्ये खाटेवर होते, आबा. तोंड भिंतीकडं करून."

आबा पडद्याला नाक लावून बघत होते. "खेळतात की रं."

"लई भारी खेळतात. पण समदे चेंडूमागंच—"

तेवढ्यात मागे एक तरुण धाडकन पडला. त्याच्या कुबड्या दोन दिशांना गेल्या. बोहदान वळला. त्याने हातातला फोन गवतावर ठेवला; आम्ही फोनवर आहोत हे तो विसरलाच होता. पडदाभर फक्त आभाळ उरलं. राखाडी, ओलं, एका बाजूने उजळत चाललेलं. माणसांचे आवाज येत होते. मग आवाज थांबले. कोणीतरी धापा टाकत होतं, बराच वेळ. मग एकदम टाळ्या, हसणं, आणि शिट्टी.

खेळ पुन्हा सुरू झाला. आमच्याकडे कोणी परत आलं नाही. फोन बंद करायला मी बोट पुढे केलं, तर आबांनी माझा हात बाजूला केला.

"ऱ्हाऊ दे," ते म्हणाले. "दिसतंय की आभाळ."

आम्ही दोघं तिथेच बसून बघत राहिलो.