रफूवाल्या मावशींचं स्वतःचं गाऱ्हाणं

रफूवाल्या मावशींचा पाय एका जागी ठरत नव्हता. सुनावणीच्या खोलीबाहेरच्या बाकावर त्या बसत, उठत, खिडकीपर्यंत जाऊन परत येत. शेजारी त्यांचा नवरा, निवृत्त बसचालक, डोळे मिटून स्वस्थ बसला होता. त्याला थांब्यावर थांबायची सवय होती. मावशींना कुठली असायला?

त्यांच्या खिडकीसमोर एक बैठं गोदाम होतं. त्यावर चार मजले चढवायला पालिकेने परवानगी दिली होती. म्हणजे गल्लीत दिवसाढवळ्या अंधार. मावशी चवताळल्या आणि त्यांनी अपील ठोकून दिलं. तक्रारी लिहिण्यात त्यांचा हातखंडा होता. तुंबलेलं गटार असो की बंद पडलेला दिवा, गल्लीचं गाऱ्हाणं मावशींच्याच अक्षरात जायचं आणि खाली ठरलेली ओळ असायची: ‘गल्लीतील सर्व रहिवासी.’ स्वतःबद्दल अवाक्षर नाही. ही खोड धंद्यातलीच. कापडावरून आपला हात फिरलाय हे कोणाला कळता कामा नये. कळलं की नाव गेलं. अर्जातही त्या अशाच दडून बसायच्या.

तेवढ्यात दारावरचा शिपाई हळूच जवळ आला. त्याच्या हातातल्या पिशवीत मुलाचा कोट होता.

“मावशी, तुमचं नाव ऐकून आहे. इस्त्रीने कोपराशी जाळलाय बघा. पोराची मुलाखत आहे हो परवा.”

मावशींनी कोट खिडकीशी धरला, भोकाभोवती बोट फिरवलं, आणि सकाळपासून पहिल्यांदाच त्यांचा जीव थाऱ्यावर आला. “होऊन जाईल,” असं म्हणून त्यांनी पिशवी काखेत मारली.

मग आतून पुकारा झाला.

बांधकामवाल्याचा वकील केसाने गळा कापणाऱ्यांपैकी होता. “साहेब, या मावशींबद्दल आदरच आहे,” तो म्हणाला. “पण रहिवाशांनी यांना काही लिहून दिलेलं नाही. एकही जण आलेला नाही. आणि या परवानगीने यांचं स्वतःचं काय बिघडतं, ते अपिलात कुठेच नाही. मग अपील करायचा यांना अधिकार काय?”

गल्ली खरंच आली नव्हती. गल्लीला कामं होती.

अपील अधिकाऱ्यांनी चष्मा काढला. “मावशी, ज्याला झळ पोहोचते त्यालाच अपील करता येतं. गल्लीचं राहू द्या. तुमचं काय जातंय?”

“उजेड जातोय, साहेब.”

“दिवा लावा की,” वकील म्हणाला. “बाजारातले सगळे रफूवाले ट्यूबखालीच बसतात.”

मावशींच्या तळपायाची आग मस्तकात गेली. पण मागे नवरा बसला होता, दारात शिपाई उभा होता. खरं बोलावं तर धंदा बुडणार, गप्प राहावं तर खिडकी जाणार. त्यांनी पिशवीचा बंद पिळून पिळून पार दोरी करून टाकला.

“दिव्याखाली मला रंग कळत नाहीत,” त्या एकदम बोलून गेल्या. “निळा आणि काळा एकच दिसतो. डोळे अधू झालेत माझे. दिवसाउजेडी तेवढं अजून जमतं. ती खिडकी गेली की मी संपले.”

नवऱ्याचे डोळे टक्क उघडले. संध्याकाळी हातातलं काम सारून त्या ‘कंबर धरली’ म्हणायच्या आणि तो बिचारा शेकायला पाणी तापवायचा.

“यांचं प्रत्यक्ष नुकसान आहे,” अधिकारी लिहिता लिहिता म्हणाले. “अपील ऐकून घेणार. तोवर बांधकाम बंद.”

मावशी बाहेर आल्या. जिंकल्या होत्या, पण भर बाजारात उघडं पडल्यासारखं वाटत होतं.

“अगं, मला तरी सांगायचंस,” नवरा म्हणाला.

“तुम्ही सुई हातातून काढून घेतली असती.”

त्याने नाही म्हटलं नाही.

जिन्यापाशी शिपायाने गाठलं. त्याची नजर जमिनीवर होती. “मावशी, तो कोट... घाईचं काम आहे ना, बाजारातच टाकतो. तुम्हाला उगाच त्रास.”

मावशींनी पिशवी दिली. दोन पायऱ्या उतरल्या, पण राहवेना. परत वर आल्या.

“त्या रफूवाल्याला सांगा, नुसता राखाडी दोरा घेऊ नकोस. कापडात हिरवी झाक आहे. नाहीतर भर मुलाखतीत पोराचं कोपर उठून दिसेल.”

शिपायाने कोट बाहेर काढला आणि जिन्यातल्या दिव्याखाली उलटसुलट करून पाहिला.

“राखाडीच तर आहे,” तो म्हणाला.