चहाचा चमचा

आमचे भाऊजी, म्हणजे माझ्या ताईचे यजमान, घड्याळं दुरुस्त करतात. डोळ्याला भिंग लावून बसले की शेजारची भिंत पडली तरी मान वर होत नाही. स्वयंपाकघराशी त्यांचा संबंध म्हणजे ताट वाढलं की यायचं, एवढाच. त्यामुळे परवा मी आत पाऊल टाकलं आणि जागीच थिजले. भाऊजी ताईचा एप्रन बांधून, तेच भिंग लावून, मैद्यातला खडा चिमट्यानं उचलत होते.

"भाऊजी, बरं आहे ना सगळं?"

"ग्रीन टीचे मफिन करतोय. मध्ये बोलू नकोस."

माझ्या जिभेवर चार टोमणे तयार झाले. माझी जीभ कशी चालते, ते घरच्यांना विचारा.

पण कारण कळल्यावर थट्टा बाजूला ठेवली. तापातून उठल्यापासून ताईच्या तोंडाची चवच गेली होती. गोड काय, खारट काय, सगळं कागद चावल्यासारखं. दोन घास ढकलायची नि ताट सारायची. गळ्याची हाडं वर आली होती. पूर्वी ग्रीन टी म्हणजे तिचा जीव की प्राण, म्हणून हा खटाटोप.

मफिन ओव्हनमधून निघाले आणि मी परत हबकले. मफिन कसले, शेवाळलेले दगड.

"चहाची पूड किती घातलीत?"

"लिहिलंय तेवढीच. चार चहाचे चमचे."

"कुठला चमचा?"

त्यांनी चहाच्या डब्यातून चमचा काढला. चमचा कसला, आमटी वाढायचा डावच तो. "हा काय, आपला चहाचा चमचा."

मी ताईला थांबवणार, तोवर तिनं लचका तोडला होता. तिचं तोंड वेडंवाकडं झालं.

"कडू जहर आहे हो हे."

भाऊजींचा चेहरा उतरला. मग हळूच म्हणाले, "काय म्हणालीस?"

"कडू," ताई म्हणाली, आणि तिचा हात तोंडाकडे गेला. भाऊजींच्या डोळ्यावरचं भिंग घरंगळून मैद्यात पडलं. ते उचलायचं भान कुणालाच नव्हतं.

ताईनं दुसरा घास घेतला. डोळ्यांतून पाणी गळतंय आणि ही चावतेय.

"साखर जरा कमी पडलीय."

भाऊजी तोच डाव घेऊन साखरेच्या डब्याकडे निघाले. मी तो हातातून काढून घेतला.