आप्पांच्या कार्डावरचा अनोळखी खर्च

देगलूरचं ते प्रकरण मी विसरू शकत नाही, ते एका माणसाच्या गप्प बसण्यामुळे. आता मी पोलीस खात्यात नाही, पण कोणी "तपास म्हणजे काय" असं विचारलं की मला खून-दरोडे आठवत नाहीत, तेच आठवतं. नावं लिहीत नाही. तक्रारदाराला सगळा गाव आप्पा म्हणायचा आणि ज्याच्यावर संशय होता त्याला चाचा. तेवढं पुरे.

आप्पा सकाळी ठाण्यात आले तेव्हा हजेरी चालू होती. धोतर, पांढरा सदरा, हातात क्रेडिट कार्डाचं स्टेटमेंट. मुलाने पुण्याहून आग्रहाने कार्ड काढून दिलेलं. स्टेटमेंटात वीस-बावीस हजारांचा एक खर्च होता, हैदराबादच्या कुठल्या तरी कंपनीच्या नावावर.

"म्या हैदराबादला गेलो न्हाई, काही घेतलं न्हाई. ब्यांकवाला म्हणतो, ओटीपी तुमच्याच मोबाईलवर आला, तुम्हीच दिला. तक्रारीची नक्कल आणा, मग बघू."

मी काय काय विचारलं, तर ते पुढे वाकून म्हणाले, "मॅडम, जरा मोठ्यानं बोला की. पोलीस हाव का कोण!"

ठाण्यात हशा पिकला. माझा आवाज मुळातच लहान. आमचे जमादारही रोज हेच सांगायचे, त्यामुळे मला त्यात काही वेगळं वाटलं नाही. कार्ड ब्लॉक करायला लावलं, तक्रार घेतली, बँकेला पत्र पाठवून त्या कंपनीची माहिती मागवली.

उत्तर यायच्या आत खबर आली. बसस्टँडजवळ ऑनलाइन कामं करून देणाऱ्या एका दुकानदाराने जमादारांच्या कानावर घातलं, की आप्पा लाइटबिल चाचांच्या केंद्रावर कार्डाने भरतात आणि कार्डाचा नंबर चाचांच्या कॉम्प्युटरमध्ये साठवलेला आहे. सांगणारा धंद्यातला प्रतिस्पर्धी होता, हे लक्षात ठेवून मी चाचांना चौकशीला बोलावलं.

चाचांच्या घराण्याची तिसरी पिढी देगलूरच्या बाजारात होती. आधी कागद-शाईचं दुकान, आता पीकविमा, दाखले, परीक्षांचे अर्ज भरून देण्याचं केंद्र. आप्पांचा आणि त्यांचा दुपारचा चहा रोज एकत्र. गुन्हा दाखल झाला असता तर केंद्राची परवानगी जाणार होती आणि त्या बाजारात पुन्हा कोणी त्यांच्या हातात आधार कार्ड दिलं नसतं.

"कार्डाचा नंबर तुमच्याकडे आहे?"

"हाव, हाय."

"हा खर्च तुम्ही केला?"

चाचांनी टोपी काढली, झटकली, पुन्हा घातली. "मॅडम, मी एक पैसा खाल्ला न्हाई. एवढं लिहून घ्या. बाकी मला विचारू नका."

"मग कोणी खाल्ला?"

चाचा भिंतीकडे बघू लागले.

जमादारांनी त्यांच्या पद्धतीने आवाज चढवून पाहिला. "चाचा, दुकानाला सील लागंल, कळून राहिलं का?" चाचा म्हणाले, "लागू द्या." मी चहा मागवला. तो त्यांनी घेतला, आभार मानले आणि पुन्हा भिंतीकडे बघत बसले. घाबरलेला माणूस पाणी मागतो, खोटं बोलणारा माणूस जास्त बोलतो. चाचा दोन्ही करत नव्हते. त्यांना बाकावर बसवून ठेवलं आणि मी जमादारांना घेऊन आप्पांचा मोबाईल बघायला त्यांच्या घरी निघाले.

गल्लीच्या तोंडाशीच आप्पांचा आवाज ऐकू आला. ओट्यावर बसून ते कोणाला तरी आकडे ओरडून सांगत होते. समोरच्या घरातून एक बाई ते आकडे तेवढ्याच जोरात परत म्हणून दाखवत होती.

"हे काय चाललंय?" मी विचारलं.

"तिचा सिलिंडर आलाय. नंबर सांगितल्याबिगर पोरगा टाकी उतरवत न्हाई."

"तिचा नंबर तुमच्या मोबाईलवर?"

"सगळ्यांचाच हाय! हे लोक दर दोन महिन्याला सिम बदलतात. माझा नंबर पंधरा सालापासून एकच. म्हणून गॅसला माझा, पीकविम्याला माझा, पोरींच्या कॉलेजला बी माझाच." हे सांगताना त्यांची छाती फुगली होती. अख्ख्या गल्लीचे ओटीपी या एका ओट्यावर उतरत होते आणि आप्पा चष्मा न लावता, वरचं काहीही न वाचता, फक्त आकडे पुकारत होते.

मी त्या तारखेचे मेसेज काढले. बँकेचा ओटीपी होता, उघडलेला, रकमेसकट.

"हा तर सिलिंडरचा," आप्पा म्हणाले. "आमच्या हिनंच विचारला होता, आपल्या सिलिंडरचा नंबर आला का म्हणून."

"त्या दिवशी तुमचा सिलिंडर आला होता?"

आप्पा आठवू लागले. चहाचा ट्रे घेऊन आलेल्या काकू, म्हणजे आप्पांची बायको, दारातच थांबल्या आणि तशाच आत वळल्या. जमादारांना ओट्यावर थांबवून मी त्यांच्या मागे स्वयंपाकघरात गेले. बाई अधिकारी असण्याचा हा एक फायदा, चुलीपर्यंत जाता येतं.

"काकू, नंबर कशाला हवा होता?"

त्यांनी गॅस बारीक केला. "त्यांना कमी ऐकू येतं. गल्लीला माहीत हाय, गोठ्यातल्या बैलाला माहीत हाय, त्यांनाच तेवढं न्हाई. तीन बार सांगितलं. तिन्ही बारला ताट सारून उठले. मग भाऊजींना म्हणलं, कानाचं मशीन मागवा, आलं की माझ्या हातानं लावते, मग काय करतील?"

भाऊजी म्हणजे चाचा. त्यांनी केंद्रात बसून मशीनवाल्या हैदराबादच्या कंपनीला पैसे भरले, काकूंनी आप्पांकडून नंबर वदवून घेतला आणि आपल्या छोट्या फोनवरून चाचांना सांगितला. आप्पांनी स्वतःच्या मशीनचे पैसे स्वतःच्या तोंडाने, अख्ख्या गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात मंजूर केले होते.

"यांना सांगायचं न्हाई, अशी शपथ घातली होती मी," काकू हसल्या. "पण तुम्ही कशाला आलात?"

आप्पांनी तक्रारीचं घरी सांगितलंच नव्हतं. कार्डावरून पैसे गेले म्हणून काकू बोलतील, ही त्यांना भीती. मी म्हणाले, "चाचा सकाळपासून ठाण्यात बसलेत."

काकूंचं हसू विझलं. पदर खोचून त्या ओट्यावर गेल्या आणि जे बोलल्या त्यातला एकही शब्द आप्पांच्या कानातून निसटला नसावा.

आम्ही ठाण्यात परतलो तेव्हा चाचा त्याच बाकावर होते. आप्पा त्यांच्यासमोर जाऊन उभे राहिले.

"ऊठ."

"मॅडमनं बसवलंय. मॅडम उठवतील."

आप्पा माझ्याकडे वळले. "मॅडम, तक्रार मागं घेतो. कागद द्या." जमादार जबाब लिहायला बसले. आप्पांनी सही केली, पेन टोपण न लावताच ठेवलं आणि पुन्हा चाचांकडे बघितलं. "सांगायला काय झालं होतं तुला?"

चाचा टोपी झटकत राहिले. आप्पा नक्कल घ्यायला टेबलाकडे गेले, तेव्हा तेच मी विचारलं. केंद्र गेलं असतं तर?

चाचा हळू बोलले, "चार पोलिसांपुढं त्याला बहिरा म्हणू का, मॅडम? त्यापेक्षा चोर म्हणून बसणं सोपं होतं."

स्टेशन डायरीला नोंद झाली, बँकेला कळवलं, प्रकरण मिटलं. त्यानंतर नोकरीत असेपर्यंत माझी एक सवय झाली. कोणी चौकशीत गप्प बसला, की तो काय लपवतोय हे विचारायच्या आधी तो कोणाला जपतोय हे शोधायचं. बहुतेक वेळा कोणालाच जपत नसे, स्वतःलाच वाचवत असे. तरी मी शोधत राहिले.

त्या दिवशी दोघं ठाण्याच्या पायऱ्या उतरत होते. आप्पा पुढे, चाचा मागे. खाली पोचल्यावर चाचा आप्पांच्या मागून वळसा घालून त्यांच्या डाव्या बाजूला आले, त्या कानाने त्यांना थोडं बरं ऐकू येत असावं, आणि मगच बोलायला लागले.