लेस्लीसायबाचा तिसरा क्रमांक

तारकर्लीच्या किनाऱ्यावर रापण, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं, टाकायची असली की आधी प्लासिदला बोलावत. पाण्याचा रंग कुठे जरासा काळवंडला, की तो बोट दाखवायचा. होडी तिकडे वळायची आणि जाळं बांगड्यांनी भरून यायचं. पुढे तो दुबईला गेला, गोल्फच्या मैदानावर गवत कापायला. इंग्लंडहून खेळायला आलेल्या लेस्ली हार्ग्रोव्हचा चेंडू तिथे झुडपांत हरवला. प्लासिदने लांबूनच जागा दाखवली, आणि लेस्लीने त्याला आपला कॅडी, म्हणजे खेळताना पिशवी वाहणारा मदतनीस, करून घेतलं.

लेस्लीच्या तरुणपणात सांगण्यासारखं काही घडलं नव्हतं. पोटासाठी तो गोल्फ शिकवत राहिला. पन्नाशी उलटलेल्या खेळाडूंची वेगळी स्पर्धामालिका असते, तिच्यात मात्र तो तग धरून होता. जिंकत नसे, पण दर हंगामाच्या शेवटी पुढच्या वर्षाची जागा कशीबशी वाचवायचा. त्याची पिशवी खांद्यावर घेऊन प्लासिद देशोदेशी हिंडला.

मग प्लासिदच्या डोळ्यांपुढे धुकं येऊ लागलं. ते सांगायची त्याला लाज वाटली.

२००७ साली आयर्लंडमध्ये लेस्लीचा चेंडू उंच गवतात गेला. प्लासिदला काहीच दिसलं नाही. त्याने तीच खूण केलेला दुसरा चेंडू खिशातून हळूच खाली सोडला आणि हाक मारली. चेंडू हरवल्याचा दंड टळला. लेस्ली तिसरा आला. एवढ्या वर तो कधीच आला नव्हता. पुढच्या वर्षाची जागाही पक्की झाली.

त्या डिसेंबरात तो तारकर्लीला प्लासिदकडे पाहुणा आला. प्लासिदच्या बायकोने, कोन्सेसांवने, शेजाऱ्यांना बोलावून केक कापला. "याच्या डोळ्यांमुळे मी तिसरा आलो," लेस्ली सगळ्यांसमोर म्हणाला. प्लासिद बशा गोळा करत आत गेला.

दुसऱ्या दिवशी ओहोटीच्या वेळी लेस्लीने ओल्या वाळूवर एक फटका मारून दाखवला. रापणीची माणसं जमली होती.

"खंय पडलो रे, प्लासिद?" त्यांतल्या एकाने विचारलं.

"थंय, सुरूच्या मुळाक." प्लासिदने झाडांकडे बोट दाखवलं.

पाण्याच्या बाजूने तुळसा मासेवाली ओरडली, "अरे, चेंडू हय माझ्या पाटयेत आसा! आणि ह्येका म्हणे पाण्याखालचे बांगडे दिसतत! चष्मो घे रे, चष्मो!"

सगळे हसले. लेस्लीही हसला, मग हसायचा थांबला. घरी परतताना त्याने इंग्रजीत विचारलं, "कधीपासून?"

"दीडेक वर्ष."

"मग आयर्लंडमध्ये चेंडू कसा सापडला?"

प्लासिदने सांगितलं. लेस्ली ओरडला असता तर बरं झालं असतं. "टेलिफोन कुठे आहे?" एवढंच त्याने विचारलं.

शेजारच्या यशोदाच्या टेलिफोन बूथमध्ये काचेआड तो बराच वेळ बोलला. बाहेर येऊन म्हणाला, "निकाल आता बदलता येत नाही, असं स्पर्धेचे आयोजक म्हणतात. पुढच्या वर्षीची जागा मी सोडली." आणि प्लासिदची वाट न पाहता चालू लागला.

"सायबाचा तोंड कित्याक उतरला?" यशोदाने विचारलं. "घरचा कोण गेला काय रे?"

प्लासिद रस्त्याकडे बघत राहिला. तिथे नुसत्या हलणाऱ्या सावल्या होत्या.

"सायब खंय गेलो, ता सांग गो," तो म्हणाला. "माका दिसणा नाय."